रामदास बोटीचे चलच्चित्र

मांडवा-रेवसच्या किनाऱ्यावर दूरचित्रवाणीसाठी माहितीपट करावयाचा, तर रामदास बोटीची हकिकत टाळता येत नाही. भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली ही बोट १७ जुलै १९४७ रोजी काशाच्या खडकापाशी बुडाली व सहाशेंहून अधिक माणसे दगावली. तिचे चलच्चित्र मिळवा, असा हुकूम ज्याच्या हाती पडतो, तो जुन्या चित्रफितींचा संशोधक.

मुरलेला संशोधक प्रथम कालपट मांडतो. युद्धकाळात, १९४३ साली, सुरू झालेले ‘इंडियन न्यूज परेड’ १९४६ मध्ये बंद पडले आणि फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली ती १९४८ मध्ये. म्हणजे बोट बुडाली तेव्हा, आणि पुढच्याच महिन्यात देश स्वतंत्र झाला तेव्हाही, सरकारपाशी स्वतःचे वृत्तपटपथक नव्हते. साहजिकच शोध परदेशी वृत्तपट कंपन्यांच्या दप्तरांकडे व खाजगी संग्रहांकडे वळतो.

तेथील यादीत ‘मुंबई, आगबोट, १९४७’ एवढीच नोंद आढळली, तरी तिच्यावर भिस्त ठेवून चालत नाही. कालांक छापलेली पाहणी-प्रत मागवून, धुराडे कोठे आहे, डोलकाठ्या किती, पाठीमागचा डोंगर कोणता, हे एकेक चौकट थांबवून छायाचित्रांशी ताडावे लागते. २०१२ च्या ‘अग्निपथ’मधला मांडवा दीवला चित्रित झालेला आहे, अशी दृश्ये उद्या कोणी या गावची म्हणून वापरील, तर त्याला अडविणाराही हाच.

मग परवान्याचे काम. किती सेकंद, कोणत्या मुलखात, कोणत्या माध्यमावर, किती मुदतीसाठी, या प्रत्येक कलमाने दर बदलतो. आपल्या कायद्याने चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून साठ वर्षे चालतो. परंतु तो संपला म्हणून मूळ प्रत आपोआप हाती येत नाही, ज्याच्या कोठीत ती आहे त्याची इजाजत व प्रतिलिपीचे शुल्क उरतेच.

आणि चित्र नाहीच मिळाले तर? तर पडद्यावर समुद्र दाखवावा, वाचलेल्यांची साक्ष ऐकवावी. पण दुसऱ्याच बोटीला रामदासचे नाव देणे हा त्या मृतांचा अपमान आहे, असे मी निःशंकपणे म्हणेन.

अलिबाग तालुक्यातील ज्या घरांत जुन्या फितींचे डबे असतील, त्यांना एक विनंती. उघडताच व्हिनेगरसारखा आंबूस दर्प आला, तर फीत कुजू लागली आहे. तरीही ती फेकू नका. डब्यावर साल, गाव व चित्रण करणाऱ्याचे नाव लिहा, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा.