हवेचा तराजू

मुंबई आणि श्टुटगार्ट ही दोन शहरे 1968 पासून एकमेकींच्या भगिनी आहेत, ही गोष्ट दोन्हीकडच्या महापालिकांच्या दप्तरांबाहेर फारशी कुणाला ठाऊक असेल असे वाटत नाही. एक समुद्राकाठची आणि दुसरी द्राक्षमळ्यांच्या टेकड्यांमध्ये परातीच्या तळाशी बसल्यासारखी, तेव्हा त्यांचे तोंडवळे जुळण्याचा संभवही थोडाच. परंतु या दुसऱ्या शहरात 1886 साली रोबेर्ट बॉश नावाच्या पंचवीस वर्षांच्या कारागिराने सूक्ष्म यंत्रकामाची आणि वीजकामाची जी लहानशी कर्मशाळा उघडली, तिचा वंशविस्तार पुढे नाशिकपर्यंत येऊन पोहोचला, आणि नाशिककर आजही ज्याला ‘मायको सर्कल’ म्हणतात त्या चौकाचे नाव त्याच गोत्रातले आहे. नाशिकच्या कारखान्याने नाव कमावले ते डिझेल इंजिनाच्या इंजेक्टरांवर. मला सांगायचे आहे ते त्या घराण्याच्या पेट्रोल-शाखेतील एका अपत्याविषयी, म्हणजे 1973 साली रस्त्यावर आलेल्या के-जेट्रॉनिक या इंधन-प्रक्षेपण यंत्रणेविषयी, आणि ती रुसली असता तिची समजूत कोणत्या पद्धतीने काढतात त्याविषयी.

पेट्रोल इंजिनात हवा आणि इंधन यांचे लग्न लावण्याचे काम दीर्घकाळ कार्ब्युरेटर करीत आला. इंजिन हवा ओढते, त्या ओढीबरोबर बारीक छिद्रातून पेट्रोलही खेचले जाते, आणि जे मिश्रण तयार होईल ते गोड मानून घ्यावयाचे, असा तो भोळाभाबडा व्यवहार होता. इंधन मोजून, दाबाने, फवाऱ्याच्या रूपाने द्यावे हा विचार जर्मनीत विमानांच्या इंजिनांतून मोटारींत उतरला. 1952 च्या सुमारास गोलिआथ आणि गुटब्रोड या छोट्या गाड्यांत आणि 1954 साली मर्सिडीजच्या सुप्रसिद्ध 300 एसएलमध्ये तो मूर्त झाला. तथापि हे काम करणारे पंप महाग होते आणि सामान्य ग्राहकाच्या आवाक्याबाहेरचे होते. 1967 साली फोक्सवागनच्या 1600 गाडीवर डी-जेट्रॉनिक ही विजेच्या मेंदूची यंत्रणा आली. तिच्या नावातला ‘डी’ म्हणजे ड्रुक, अर्थात दाब. आणि त्यानंतर सहा वर्षांनी, जग विजेच्या दिशेने निघालेले असताना, बॉशच्या अभियंत्यांनी मेंदूच काढून टाकलेली के-जेट्रॉनिक पोर्शे 911 वर बसविली. ‘के’ म्हणजे काँटिनुइअरलिश, म्हणजे अखंड: हिचे इंजेक्टर थांबून थांबून फवारीत नाहीत, इंजिन चालू आहे तोवर त्यांची धार चालूच असते. पुढे गोल्फ जीटीआय, आउडी आणि ज्या मर्सिडीजच्या सुमारे 27 लाख गाड्या बनल्या त्या डब्ल्यू 123 मालिकेतील पेट्रोलची 230 ई आणि 280 ई ही मॉडेले, असा तिचा अंमल पसरला.

ही यंत्रणा समजावून घ्यायची तर वाण्याच्या दुकानातला तराजू डोळ्यांपुढे आणावा. हवेच्या वाटेत एक गोल तबकडी तरफेच्या टोकाला बसविलेली असते. इंजिन जितकी हवा ओढील तितकी ती तबकडी, काही गाड्यांत वर आणि काहींत खाली, सरकते. तरफेच्या दुसऱ्या भागावर एक गुळगुळीत पोलादी दट्ट्या टेकलेला असतो, आणि तो इंधन-वितरकाच्या आत जितका वर चढेल तितक्या प्रत्येक सिलिंडरसाठी कोरलेल्या उभ्या फटी उघड्या पडतात. या फटींची रुंदी सुमारे 0.2 मिलिमीटर असते. एका पारड्यात हवा पडली, दुसऱ्या पारड्यातून पेट्रोल निघाले, असा हा रोख व्यवहार. पण यातली खरी कारागिरी वेगळीच आहे: दट्ट्याच्या डोक्यावर इंधनाचाच एक दाब, ज्याला नियंत्रक दाब म्हणतात, हात ठेवून बसलेला असतो. तो हात जड झाला तर तबकडी तितक्याच हवेला कमी सरकते आणि मिश्रण फिके पडते. हलका झाला तर जास्त सरकते आणि मिश्रण गडद होते. थंड इंजिनाला गडद मिश्रण लागते, म्हणून वॉर्म-अप रेग्युलेटर नावाच्या डबीतली द्विधातूची पट्टी थंड असताना हा दाब एक-दीड बारवर खाली ओढते, आणि विजेने व इंजिनाच्या उष्णतेने ती पट्टी तापली की काही मिनिटांत दाब साडेतीन बारच्या आसपास स्थिरावतो. पंपाकडून येणारा मूळ दाब पाच बारच्या घरात असतो. हे दोन आकडे आणि तिसरा, इंजिन बंद केल्यावर नळ्यांत शिल्लक राहणारा विश्रांतीचा दाब, एवढ्या तीन साक्षीदारांच्या जबान्यांवर बहुतेक खटल्यांचा निकाल लागतो.

असा एक खटला मला जवळून पाहावयास मिळाला. माझे एक स्नेही सत्तरच्या दशकात पुण्याहून जर्मनीत जाऊन स्थायिक झालेले. त्यांची 230 ई त्यांनी इतक्या मायेने सांभाळलेली, की जर्मनीत तीस वर्षांपुढच्या सुस्थितीतल्या गाड्यांना नंबरपाटीवर जे ‘एच’ अक्षर मिळते, ते त्यांनी स्वतःलाच मिळाल्यासारखे साजरे केले होते. या गाडीची फिर्याद विचित्र होती. पहाटे, बाहेर हिमकण पडत असताना, ती पहिल्या सेल्फला सुरू होई. गावात जाऊन बेकरीपुढे वीस मिनिटे उभी राहिली की मात्र सेल्फ मारून मारून बॅटरी थकावी तोवर दाद देत नसे, आणि तासाभराने, काहीच न केल्यासारखी, पुन्हा निमूटपणे चालू होई. आधीच्या एका गॅरेजने प्लग बदलले होते, कॉइल बदलली होती, आणि सर्वांत वाईट म्हणजे मिश्रणाचा स्क्रू फिरविला होता.

शहराबाहेरच्या ज्या लहान कर्मशाळेत आम्ही गेलो, तिचा माइस्टर, म्हणजे मुख्य कारागीर, साठी उलटलेला, बोलण्यात मोजका आणि ऐकण्यात उदार असा गृहस्थ होता. त्याने बॉनेट उघडण्याआधी दहा मिनिटे नुसते प्रश्न विचारले: थंड असताना की गरम असताना? लगेच की थांबल्यावर? सुरू होताच धूर येतो का, पेट्रोलचा वास येतो का? स्नेह्यांना हे वेळकाढूपणाचे वाटले असावे. मला मात्र आमच्याकडच्या जुन्या मामलेदारांची आठवण झाली, ज्यांच्या चौकशीत पंचनाम्याआधी कैफियत संपूर्ण ऐकण्याचा रिवाज होता. ‘थंड असता चालते, गरम उभी राहून अडते’ एवढ्या एका वाक्यानेच निम्मे आरोपी सुटले होते. ज्या गाडीला पहाटे अडचण नाही, तिचा थंडीतला वाढीव फवारा देणारा व्हाल्व्ह, पंप आणि वॉर्म-अप रेग्युलेटर यांच्यावर प्रथमदर्शनी संशय घेण्याचे कारण उरत नाही.

मग त्याने अग्निशामक हाताशी आणून ठेवला, कारण पाच बारचे पेट्रोल हा थट्टेचा विषय नव्हे, आणि वितरक व रेग्युलेटर यांच्यामधल्या नळीवर तोटी असलेला प्रेशर गेज जोडला. तोटी बंद केली की मूळ दाब, उघडली की नियंत्रक दाब. दोन्ही जिथल्या तिथे. इंजिन पुरते तापवून त्याने चावी फिरवून ते बंद केले, आणि आम्ही तिघे काट्याकडे पाहत उभे राहिलो. काटा साडेतीनवरून घसरला, ते अपेक्षितच होते, पण दोन-अडीच बारच्या आसपास अर्धा तास थांबायच्या ऐवजी तो थांबलाच नाही; दुपारच्या सावलीसारखा सरकत सरकत पाच-सहा मिनिटांत शून्यावर टेकला.

गरम गाडी का अडत होती, हे त्या काट्यानेच सांगितले. आपल्या घरातला प्रेशर कुकर जे करतो तेच हा विश्रांतीचा दाब करतो: दाबाखालचा द्रव सहजी उकळत नाही. इंजिन बंद पडले की पाणी फिरायचे थांबते, पंख्याचा वारा थांबतो, आणि बॉनेटखालची उष्णता काही काळ वाढतच जाते; अशा वेळी नळ्यांतला दाब गेलेला असेल तर पेट्रोल तेथेच उकळून वाफ होते, आणि मग सेल्फ मारणारा मनुष्य पेट्रोलऐवजी वाफ पंप करीत बसतो. तासाभराने सारे निवते आणि गाडी सुरू होते, म्हणून धनी म्हणतो की आपोआप बरी झाली.

दाब जातो कोठून, एवढाच प्रश्न उरला. माइस्टरने तोटी बंद करून रेग्युलेटरला खटल्यातून वगळले. काटा पडतच राहिला. टाकीकडे परतणारी नळी चिमट्याने आवळली. तरी पडला, म्हणजे मूळ दाबाचा नियामकही निर्दोष. चारही इंजेक्टर उपसून त्याने पांढऱ्या कापडावर ओळीने धरले: एकाच्याही टोकाला थेंब नाही. येथे त्याने, तपासाला आवश्यक नव्हते पण आम्ही पाहुणे होतो म्हणून, पंपाला थेट वीज देऊन तबकडी बोटाने किंचित हलविली, आणि चारही इंजेक्टर चार काचेच्या नळकांड्यांत किर्र असा बारीक आवाज करीत फवारू लागले. चौघांच्या पातळ्या डोळ्यांनी फरक कळणार नाही इतक्या समान चढल्या. चाळीस वर्षांपूर्वीच्या हातांनी कोरलेल्या फटी अजून समन्यायी वाटप करीत होत्या. मग गाडी वर उचलून, मागच्या आसापुढे पंपाच्या शेजारी बसलेल्या संचयकाकडे तो वळला. हा संचयक म्हणजे स्प्रिंग आणि पडदा असलेला पत्र्याचा डबा; इंजिन बंद झाल्यावर दाब टिकवून धरणे हेच त्याचे काम. त्याच्या पाठीमागची बारीक नळी नेहमी कोरडी असावयास हवी. ती सोडविताच तिच्यातून पेट्रोल ठिबकले. पडदा फाटलेला होता.

या हकिकतीवरून संचयक हाच नेहमीचा गुन्हेगार असा ग्रह करून घेऊ नये. माझ्या मते या जुन्या जर्मन गाड्यांच्या बहुसंख्य तक्रारी मोलाच्या भागांत नसतातच; त्या असतात रबरात आणि रिलेत. तबकडीच्या पुढच्या रबरी नळीला किंवा इंजेक्टरच्या बुडाशी असलेल्या कड्याला तडा गेला की तराजूला न कळवता हवा आत शिरते. जर्मन मिस्त्री तिला ‘फाल्शलुफ्ट’, खोटी हवा, म्हणतात. मी तिला जकात नाका चुकवून आलेला माल म्हणेन. नाक्यावर नोंद नाही, म्हणून तिच्या हिश्श्याचे पेट्रोलही नाही. इंजिन आयडलला डगमगते, पिकअपला ठेचकाळते. तपासाची एक जुनी युक्ती आहे: आयडलला चालू इंजिनाचे तेल ओतण्याचे झाकण उघडावे. तराजू निरोगी असेल तर या नव्या चोरवाटेने इंजिन लगेच अडखळते. काहीच फरक पडला नाही तर एखादी चोरवाट आधीच उघडी आहे असे समजावे. आणि रिले? त्याच्या आतला झाळलेला सांधा वर्षानुवर्षांच्या धक्क्यांनी केसाएवढा तडकतो, पंपाची वीज मधूनच तुटते, आणि निष्पाप पंप बदलला जातो. पुन्हा झाळ देण्याचा खर्च जवळजवळ शून्य आहे.

मिश्रणाच्या स्क्रूविषयी मात्र मला थोडे कडवट बोलणे भाग आहे. तबकडी आणि वितरक यांच्यामध्ये एका अरुंद विहिरीच्या तळाशी हा स्क्रू असतो, आणि 3 मिलिमीटरच्या लांब ॲलन कीने तो फिरतो. कार्ब्युरेटरवर ज्यांचे हात तयार झाले, मग ते पुण्याचे असोत की जर्मनीचे, त्यांना इंजिन कुरकुरले की पेचकस हाती घेण्याची सवय असते, आणि कार्ब्युरेटर ती सवय खपवूनही घेत असे. येथे तो स्क्रू म्हणजे तराजूची दांडी आहे. खोट्या हवेने बिघडलेला हिशेब जुळविण्यासाठी दांडीच वाकविली तर आयडल क्षणभर सुधारते आणि पुढचा प्रत्येक वेग बिघडतो. माइस्टरने संचयक बदलल्यावर सायलेन्सरमध्ये नळी घालून कार्बन मोनॉक्साइडचे प्रमाण मोजीत तो स्क्रू पूर्वस्थानी आणला. स्क्रूची पाळी सर्वांच्या शेवटी आली.

के-जेट्रॉनिकची भावंडे निराळ्या प्रकृतीची. एल-जेट्रॉनिकमध्ये झडपेच्या हवामापकातला कार्बनचा पट्टा झिजतो, आणि नंतरच्या केई-जेट्रॉनिकमध्ये दाबाबरोबर मिलिअँपियरही मोजावे लागतात. त्या दोघींचे पुराण लांबविण्यात अर्थ नाही. अधिक चिंतेची गोष्ट आहे ती हल्लीच्या इंधनाची. इथेनॉल मिसळलेले पेट्रोल हवेतला ओलावा शोषते, आणि वर्षातून एकदा मिरवणुकीपुरत्या निघणाऱ्या गाड्यांत, मग त्या श्टुटगार्टच्या असोत वा मुंबईच्या जुन्या गाड्यांच्या मेळाव्यातल्या, तो ओलावा वितरकात बसून दट्ट्याला गंज चढवितो. आरशासारख्या घासलेल्या त्या दट्ट्यावर पॉलिशचा कागद फिरविणाऱ्याने वितरक गमावला असे समजावे. ज्यांच्या वाड्यात अशी गाडी उभी असेल त्यांनी तिला महिन्यातून दोन वेळा तरी पुरती तापेपर्यंत चालवून आणावी, एवढे माझे सांगणे आहे.

संध्याकाळी आम्ही गाडी घेऊन निघालो आणि मुद्दाम त्याच बेकरीपुढे वीस मिनिटे थांबलो. पहिल्या सेल्फला ती सुरू झाली. माइस्टरने दिलेल्या बिलावर दोन ओळी वेगळ्या लिहिल्या होत्या: तपास, अडीच तास; संचयक बदलणे, चाळीस मिनिटे.