चिरडलेले फुलपाखरू
रे ब्रॅडबरी या अमेरिकन लेखकाने १९५२ साली ‘ए साउंड ऑफ थंडर’ या कथेत कालप्रवासाच्या धोक्याचा एक सिद्धान्त कल्पिला. गतकाळात एक उंदीर पायाखाली मेला, की त्याची पिलावळ खुंटते. उंदरांवाचून कोल्हे मरतात, कोल्ह्यांवाचून सिंह, शेवटी आदिमानव आणि त्याचा अवघा वंश! कथेतला शिकारी सहा कोटी वर्षे मागे जाऊन नेमके एक फुलपाखरू चिरडतो. २०५५ सालात परतून पाहतो तो निवडणुकीत हुकूमशहा विजयी, अन् कचेरीच्या पाटीवरचे शुद्धलेखन पार बदललेले! आम्हां भाषेच्या मास्तरांना ही पाटीच अधिक भिववते. पण मग कचेरी तीच, माणूस तोच, उमेदवारही तेच कसे? सिद्धान्त खरा, तर तो शिकारी जन्मलाच नसता. मग फुलपाखरू मारले कोणी?