मितभाषी पंतप्रधान

लंडनच्या नॅशनल गॅलरीतल्या एका प्रचंड कॅनव्हासवर फक्त एक घोडा आहे. चित्राची उंची साडेनऊ फुटांहून जास्त. मागे ना डोंगर, ना झाड, ना आभाळ. पाठीवर खोगीर नाही, स्वार नाही. मागच्या पायांवर उठलेला, तांबूस अंगाचा, फिक्या सोनेरी आयाळीचा हा ‘व्हिसलजॅकेट’ जॉर्ज स्टब्सने १७६२च्या सुमारास रंगवला. रंगवून घेणारा मालक होता रॉकिंगहॅमचा दुसरा मार्क्वेस, चार्ल्स वॉटसन-वेंटवर्थ. पुढे तो दोनदा ब्रिटनचा पंतप्रधान झाला. आज घोडा जगभर ठाऊक आहे आणि मालक विस्मरणात गेला आहे. मालकावर हा अन्यायच म्हणायला हवा.

त्याचा जन्म १३ मे १७३०चा, यॉर्कशरमधल्या वेंटवर्थ वुडहाउस या वाड्यातला. वाडा म्हणजे केवढा? नुसता पूर्वेकडचा दर्शनी भाग ६०६ फूट लांब. पाच मुलग्यांपैकी हा एकटाच जगला, त्यामुळे घरच्यांचा जीव त्याच्यात अडकलेला. तरी १७४५ साली पदच्युत स्टुअर्ट घराण्याच्या बाजूने बंड उठलं, तेव्हा हा पंधरा वर्षांचा पोरगा एका नोकराला सोबत घेऊन घोड्यावरून थेट कार्लाइलला, बंड मोडायला निघालेल्या ड्यूक ऑफ कंबरलंडच्या छावणीत जाऊन हजर झाला. विसाव्या वर्षी वडील गेले आणि अफाट जमीनजुमला त्याच्याकडे आला.

शर्यती, शेती आणि राजाच्या दरबारी मानाची जागा, एवढ्यावर त्याचं आयुष्य सुखात गेलं असतं. १७६५च्या जुलैमध्ये तिसऱ्या जॉर्जने त्याला पंतप्रधान केलं, तेव्हा वय ३५ आणि राज्यकारभाराचा अनुभव जवळजवळ शून्य. त्यात स्वभाव बुजरा. उमरावांच्या सभागृहात बोलायला उभं राहायचं म्हणजे त्याला घाम फुटे. पण माणसं पारखायची नजर त्याच्याकडे होती. एका आयरिश वकिलाचा मुलगा त्याने आपला खासगी चिटणीस म्हणून नेमला. तो एडमंड बर्क.

समोरचा प्रश्न अवघड होता. आधीच्या सरकारने अमेरिकेतल्या वसाहतींवर स्टँप कायदा लादला होता. वर्तमानपत्रं, कोर्टाची कागदपत्रं, अगदी पत्त्यांचे कॅटसुद्धा त्याच्या करातून सुटले नव्हते. वसाहतींनी ब्रिटिश माल घेणं थांबवलं आणि इकडे इंग्लंडमधल्या व्यापाऱ्यांचं कंबरडं मोडायची वेळ आली. रॉकिंगहॅमने या व्यापाऱ्यांना हाताशी धरलं. गावोगावहून संसदेकडे अर्ज आले, बेंजामिन फ्रँकलिनला सभागृहात बोलावून प्रश्न विचारले गेले आणि १८ मार्च १७६६ रोजी कायदा रद्द झाला. त्याच दिवशी, वसाहतींसाठी हवे ते कायदे करण्याचा संसदेला अधिकार आहे असं बजावणारा दुसरा कायदाही झाला. त्याशिवाय मतं मिळाली नसती हे खरं. पण पुढच्या भांडणाचं बीही त्यातच राहिलं.

चार महिन्यांत राजाने त्याला घरी पाठवलं.

त्यानंतरची सोळा वर्षं हीच त्याची खरी कमाई, असं म्हणायला हवं. त्या काळी विरोधात बसणं म्हणजे पद मिळेपर्यंत दार ठोठावणं. रॉकिंगहॅमने मात्र आपली माणसं एकत्र ठेवली: पत्रं लिहून, वाड्यावर जेवणावळी घालून, समजुती काढून. एकेकट्याने सरकारात जायचं नाही, गेलो तर सगळे मिळून आणि ठरलेल्या धोरणावर. राजकीय पक्ष म्हणजे तत्त्वावर एकत्र आलेली माणसं, ही मांडणी बर्कने १७७०च्या पुस्तिकेत केली ती याच मंडळींकडे पाहून. अमेरिकेशी युद्ध नको, हे त्यांनी युद्ध ऐन भरात असतानाही सांगितलं. त्यासाठी देशद्रोही म्हणवून घ्यावं लागलं, तेही सोसलं.

शेवटी अमेरिकेत यॉर्कटाउनला ब्रिटिश सैन्याने शस्त्रं ठेवली आणि मार्च १७८२मध्ये राजाला पुन्हा याच माणसाकडे यावं लागलं. या वेळी रॉकिंगहॅमने आधी अट घातली: अमेरिकेच्या स्वातंत्र्याला राजाने आडकाठी करायची नाही. मग कामाचा झपाटा सुरू झाला. सरकारी ठेकेदारांना कॉमन्स सभागृहाची दारं बंद झाली, महसूल खात्याच्या नोकरांचा मताधिकार गेला, राजाच्या मर्जीने वाटायच्या कित्येक बिनकामाच्या जागा रद्द झाल्या. कारण उघड होतं. संसदेतली निष्ठा याच मार्गांनी विकत घेतली जाई.

याच दिवसांत, १७ मे १७८२ला, इकडे महादजी शिंद्यांच्या मध्यस्थीने मराठे आणि इंग्रज यांच्यात सालबाईचा तह झाला. ती बातमी जहाजाने लंडनला पोचायला महिने लागणार होते. रॉकिंगहॅमच्या कानावर ती गेलीच नाही. इन्फ्लूएन्झाने आजारी पडून १ जुलैला तो वारला. वय ५२, दुसऱ्या खेपेचं सरकार जेमतेम चौदा आठवड्यांचं. त्याच्यामागे राजाने मंत्रिमंडळातल्या शेलबर्नला पंतप्रधान नेमलं आणि रॉकिंगहॅमचा सहकारी चार्ल्स जेम्स फॉक्स याने लगेच राजीनामा दिला. फॉक्सपाठोपाठ बर्कही बाहेर पडला.

रॉकिंगहॅमला मूलबाळ नव्हतं. इस्टेट भाच्याकडे गेली आणि भाच्याने वेंटवर्थला त्याचं स्मारक बांधलं. आत नोलेकेन्सने घडवलेला रॉकिंगहॅमचा पुतळा उभा आहे आणि त्याच्या भोवती त्याच्या सहकाऱ्यांचे अर्धपुतळे. बर्क त्यात आहे, फॉक्सही आहे.