आठवणीवर तारीख पडली नाही तर

पुंडलिकनगरच्या गल्लीतून वरात जाते, सुतळी बॉम्ब फुटतो आणि ओट्यावर बसलेल्या नव्वदीला टेकलेल्या आजोबांच्या हातातला चहा बशीत सांडतो. घरचे म्हणतात, 'वय झालं आता.' वय झालंच आहे. पण तो हात १९४८ सालात दचकलेला असू शकतो.

त्या सप्टेंबरात १३ ते १७ तारखेपर्यंत भारतीय सैन्याचं 'ऑपरेशन पोलो' चाललं आणि हैदराबादच्या निजामाचं राज्य संपलं. आधी निजामाची बाजू घेणाऱ्या सशस्त्र रझाकारांनी गावं लुटली, जाळली. नंतर सुडाची आग मुसलमान वस्त्यांवर उलटली. केंद्र सरकारने पाठवलेल्या सुंदरलाल समितीने मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार दिला. तो अहवाल कित्येक दशकं दडून राहिला. घरोघरीही तेच. 'रझाकारात आम्ही रानात लपलो,' इथवर आजी सांगते आणि गप्प होते. मागे कोण राहिलं, ते घशातच अडकतं.

जिवावर बेतलं की मेंदूतला अमिग्डाला भीतीची खूण खोल कोरतो. प्रसंग कधीचा, कुठला, हे नोंदवणाऱ्या हिप्पोकॅम्पसचं काम मात्र त्या धांदलीत विस्कटतं. आवाज राहतो, धुराचा वास राहतो, आठवणीवर तारीख पडत नाही. म्हणून ती आत्ताच घडल्यासारखी येते. निवृत्तीनंतर, जोडीदार गेल्यावर, दिवस रिकामे झाले की कधी कधी जास्तच.

अपराधभावाची गाठ याहून अवघड. १९८० साली अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांनी आघातोत्तर तणावविकाराला नाव दिलं, तेव्हा 'मी का वाचलो' ही टोचणीही लक्षणांत धरली होती. बारा वर्षांच्या पोराच्या हातात काहीच नव्हतं, हे मानणं मनाला फार जड जातं. 'मी धाकट्याचा हात सोडला' हे त्यामानाने सोसवतं; दोष आपला म्हटला की निदान आपल्याला काही करता आलं असतं, असं वाटतं. माझ्या मते ही टोचणी गुन्ह्याची कबुली नव्हे, मायेचीच खूण आहे. आणि ज्यांच्या हातून खरंच काही घडलं, त्यांचं दुखणं वेगळं. त्यांनाही बोलायला माणूस लागतो.

'जुनं उकरू नका' हा सल्ला प्रेमाचा, पण उपयोगाचा नाही. तज्ज्ञाच्या सोबतीने ती आठवण सावकाश, सुरक्षितपणे सांगत गेलं की तिची धार कमी होऊ शकते, उतारवयातही. १७ सप्टेंबरचं, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनाचं झेंडावंदन झालं की आजोबांजवळ बसा. बोलले तर ऐका, नाही बोलले तर खोदून विचारू नका. झोप उडाली असेल, जीव नकोसा झाला असेल, तर 'टेली-मानस' या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा क्रमांक फिरवा. तो मोफत आहे, रात्रीही लागतो आणि मराठीत बोलता येतं.