राजा पडतो तेव्हा

गेल्या वर्षी शेजारच्या गावच्या जत्रेत तमाशातला मूर्ख राजा सिंहासनावरून असा पडला, की माझ्या बाजूच्या म्हातारीच्या डोळ्यांत हसून हसून पाणी आलं. माझ्या कानांतून मात्र तो धप्प आवाज जाईना. म्हणून यंदा पाडव्याआधी नारायणगावला गेले. तिथे फडांच्या राहुट्या लागतात, गावोगावचे पंच सुपारी द्यायला येतात. तिथेच त्या राजाला गाठलं आणि पुढच्या एका खेळाला मागे, कनातीत जाऊन बसले.

काका अठ्ठावन्नचे. जवळ गेलं की रंगाआधी बामाचा वास येतो. गुडघ्यांना चिंध्या गुंडाळायच्या, वर जरीचा झगा, मग मुकुटाची नाडी.

"पडायचं न्हाई, ताई. बसायचं," ते म्हणाले. "तेवढ्यात खुर्ची न्हाई, एवढंच."

गण, गौळण, बतावणी झाली आणि वग सुरू झाला. प्रधानानं खुर्ची ओढली. काकांची हनुवटी छातीला टेकली, तळवा फळ्यांवर आपटला आणि त्याच क्षणी हलगी कडाडली. हलगीवाला त्यांच्या तोंडाकडे बघतच नाही, टाचेकडे बघतो. टाच उचलली की याचा हात उठतो. जरा उशीर झाला, तर लोकांना राजा नाही, म्हातारा पडलेला दिसेल. हे तीस वर्षांचं शिक्षण आहे, आणि त्याला आपण 'पाचकळपणा' म्हणून मोकळे होतो, याचा मला राग येतो. वसंत सबनिसांच्या 'विच्छा माझी पुरी करा'ला १९६५ पासून शहरानं डोक्यावर घेतलं. त्या लोकनाट्याचं मूळ याच कनातीत आहे.

"आमच्या वगात राजा ११ वेळा पडतो," काकांनी आधीच सांगितलं होतं. वस्तादानं बसवलेले ११, प्रत्येकाची तऱ्हा वेगळी. मी बोटांवर मोजत होते. चौथ्यांदा पडले आणि दहा वाजले. भोंगे बंद करायची वेळ झाली. वग तिथेच मोडला.

काका आत आले, मुकुट मांडीवर घेऊन बसले. बामाची डबी उघडत म्हणाले, "सात राह्यले."

जत्रेच्या पंचांना माझी हात जोडून विनंती आहे. सुपारी देताना गाणी किती हे विचारता, तसं वग कोणता हेही विचारा, आणि खेळ सातच्या आत उभा करा. राजाला ११ वेळा पडू द्या.