मेणासारख्या कल्ल्यांची अळंबी

रायपूरमधील चौबे कॉलोनी हा भाग तेथील महाराष्ट्र मंडळामुळे मराठी भाषकांना परिचित आहे. मराठी घरांत ज्याला अळंबी किंवा भूछत्र म्हणतात, त्यालाच छत्तीसगढी भाषेत 'पुटू' असे नाव आहे. भाताच्या पेंढ्यावर उगवते ते पैरा पुटू आणि वारुळावर उगवते ते भिंभोरा पुटू. पहिल्या पावसानंतर बस्तरच्या सालवनात जमिनीतून निघणारा गोल, टणक 'बोडा' हाही याच कुळातला मानला जातो. ही नावे अळंबी कोठे उगवते यावरून पडली आहेत आणि ती मुळीच अडाणीपणाची नाहीत. वारुळावरचे कवक वाळवीच्या आश्रयानेच जगते; बोड्याचे तंतू सालवृक्षाच्या मुळांशी जोडलेले असतात.

परंतु अळंबीचा एक गट असा आहे की त्याच्याकडे पाहताक्षणी स्थळाचा विसर पडतो आणि केवळ रंगच डोळ्यांत भरतो. शेंदरी, लिंबासारखी पिवळी, नारिंगी, क्वचित पोपटी अशी ही लहान छत्रे पावसाळ्यात ओलसर जंगलातील पालापाचोळ्यात व शेवाळात उगवतात. शास्त्रात या गटाला 'हायग्रोसायबी' म्हणतात. त्याचा अर्थ 'ओल्या डोक्याची'.

रंग भडक, म्हणून अळंबी विषारी, हा समज सर्वत्र आढळतो. उलट बाजूने 'पांढरी ती निर्धोक' असेही मानले जाते. दोन्ही समज चुकीचे आहेत, आणि दुसरा तर अधिक घातक आहे. हिरवळीवर उगवणारी 'क्लोरोफायलम' ही मोठी, पांढरट, देखणी अळंबी खाल्ल्यास तीव्र उलट्या व जुलाब होतात. तिचे कल्ले पक्व झाल्यावर हिरवट होतात, पण तोपर्यंत कोण थांबतो?

मग हायग्रोसायबी ओळखावी कशी? छत्र उलटे करून त्याखालचे कल्ले पाहावेत. ते जाड, एकमेकांपासून दूर आणि कडेकडे निमुळते झालेले असतात. बोटांत चुरडल्यास मेणाचा स्पर्श होतो. बीजाणू धारण करणाऱ्या पेशी या गटात विशेष लांब असतात, हे या जाडीचे एक कारण आहे. दांड्यावर कडे नसते आणि तळाशी पिशवीही नसते. बीजाणूंचा ठसा पांढरा पडतो. 'कॉनिका' या टोकदार टोपीच्या जातीला हात लावला की ती हळूहळू काळी पडते. ही खूण इतकी स्पष्ट आहे की नवशिक्यालाही जात ओळखता येते. रंगावर मात्र फार विसंबू नये. पोपटी जातीचा हिरवा रंग वयाबरोबर उतरून पिवळट होतो आणि शेंदरी जाती उन्हात फिकटतात.

वर्गीकरणाचा इतिहासही असाच बदलता आहे. स्वीडनचे एलियास फ्रीस यांनी 19व्या शतकाच्या आरंभी या अळंब्यांचा एक उपगट कल्पिला. 1871 मध्ये पाउल कुमर यांनी त्याला स्वतंत्र प्रजातीचा दर्जा दिला. तरीही पुढे अनेक अभ्यासक मेणकल्ल्यांच्या सर्व अळंब्या 'हायग्रोफोरस' या एकाच प्रजातीत घालत राहिले. हायग्रोफोरसची अळंबी झाडांच्या मुळांशी सहजीवन करते, हायग्रोसायबी तसे करीत नाही, हा भेद पुढे महत्त्वाचा ठरला. 2014 मध्ये प्रसिद्ध झालेल्या डीएनए-अभ्यासाने या कुलाची नव्याने मांडणी केली, आणि त्यात रंगद्रव्यांचाही विचार झाला. हायग्रोसायबीचा लाल-पिवळा रंग बीटरूट व बोगनवेल यांच्यातील रंगद्रव्यांच्या वर्गातला आहे. अमानिटा प्रजातीतील विषारी लाल अळंबीतही याच वर्गाची द्रव्ये सापडतात. रंगावरून विषाची परीक्षा का होत नाही, याचे याहून चांगले उदाहरण मिळणार नाही.

भारतात पुण्याच्या महाराष्ट्र विज्ञानवर्धिनी संस्थेने 1980 मध्ये साठे आणि देशपांडे यांचे महाराष्ट्रातील अळंब्यांवरील काम प्रकाशित केले. केरळमधील हायग्रोसायबींचा स्वतंत्र अभ्यास 2006 मध्ये छापला गेला.

बीजाणूंचा ठसा घेण्यास प्रयोगशाळा लागत नाही. दांडा कापून टोपी कल्ले खाली करून अर्ध्या काळ्या, अर्ध्या पांढऱ्या कागदावर ठेवावी, वर वाटी झाकावी आणि रात्रभर तशीच राहू द्यावी. सकाळी कागदावर कल्ल्यांची नक्षी उमटलेली दिसते. पैरा पुटूचा ठसा गुलाबी असतो. त्याच्यासारखीच तळाशी पिशवी असलेल्या प्राणघातक अमानिटाचा ठसा पांढरा असतो. 2011च्या अखेरच्या रात्री ऑस्ट्रेलियातील कॅनबेरा येथे अशी अमानिटा जेवणात वापरली गेली आणि जानेवारी 2012 मध्ये दोघांचा मृत्यू झाला. हे विष शिजवूनही नष्ट होत नाही. लक्षणे सहा ते बारा तासांनी किंवा त्याहूनही उशिरा दिसतात, मध्ये बरे वाटल्याचा भास होतो, आणि तोवर यकृताची हानी सुरू झालेली असते.