निःश्वास आणि कुंपण : विभावरी शिरूरकरांच्या तरुणींचे एकटेपण

'कळ्यांचे निःश्वास' (१९३३) या कथासंग्रहाची चर्चा बहुधा त्याने उठविलेल्या वादळापाशीच थांबते. विभावरी शिरूरकर कोण, याचे कुतूहल तेव्हा मोठे होते. या टोपणनावाआड बाळूताई खरे, म्हणजेच पुढील काळातील मालती बेडेकर होत्या. या कुतूहलापायी संग्रहातील तरुणींचे एकटेपण नेमके कोणत्या जातीचे आहे, हा प्रश्न मात्र मागे पडला.

या तरुणी शिकलेल्या आहेत. कित्येक जणी मिळवत्याही आहेत. त्यांच्याभोवती माणसांची वाण नाही. 'बाबांचा संसार माझा कसा होणार?' या एका शीर्षकातच त्यांची कोंडी उमटली आहे. मिळकतीमुळे मुलगी घराला हवीशी होते. तिच्या इच्छेला मात्र त्या घरात जागा नसते. म्हणजे हे एकटेपण नाते नसण्याचे नव्हे, तर असलेल्या नात्यात बोलता न येण्याचे आहे. 'हिंदोळ्यावर' (१९३४) मधील अचलेला सोबत लाभते, पण त्या सोबतीला समाजाची मान्यता लाभत नाही.

१९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात लेखिका सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये शासकीय अधिकारी म्हणून आल्या. कायद्याने 'गुन्हेगार' ठरविलेल्या जमातींना तेथे तारेच्या कुंपणात, हजेरीच्या धाकात ठेवले जाई. (सोलापुरात 'सेटलमेंट' हा शब्द वस्तीच्या नावात अद्याप टिकून आहे.) या अनुभवातून मांग-गारुडी समाजाच्या जीवनावरील 'बळी' (१९५०) ही कादंबरी सिद्ध झाली.

मध्यमवर्गीय स्त्रीच्या प्रश्नांकडून वंचितांच्या प्रश्नांकडे झालेले वळण, असे 'बळी'चे वर्णन करण्याचा प्रघात आहे. प्रस्तुत लेखकास ते अपुरे वाटते. 'बळी' वाचून पुन्हा 'कळ्यां'कडे वळले असता, पूर्वी केवळ मनोव्यथा वाटलेल्या गोष्टींमागील कुंपण दिसू लागते. माणसाने कोठे जावे आणि कोणाशी संबंध ठेवावा, हे दुसऱ्या कोणीतरी ठरविणे हा दोन्हीकडील समान धागा होय.

अर्थात हे साम्य फार ताणू नये. शिकलेल्या मुलीचे कुंपण डोळ्यांना दिसत नाही. सेटलमेंटमधील स्त्रीचे लोखंडी तारेचे असते, आणि त्यावर तिच्या भुकेचा व जातीचा भार असतो. शिवाय लेखिका तेथे अधिकारी होती. तिची सहानुभूती कितीही खरी असली, तरी कुंपणाबाहेर पडण्यासाठी तिला कोणाचा परवाना लागत नव्हता.